हुल्डाबाईंचा घास

३ मार्च १९४७
आज हुल्डाबाई राहायला आल्या, आणि डलूथ बंदरातल्या या नव्या घरात मी पहिल्यांदाच बसून गरम कॉफी प्यायले. चार वर्षांची ज्युडिथ, आठ महिन्यांचा डेल, धुण्याचे ढीग. माझा नवरा व्हर्न युद्धावरून परतला तो थेट गोदीत कामाला लागला. शेवटी मीच चर्चमध्ये पाद्रींच्या बायकोला गाठून म्हटलं, मदतीला कुणीतरी बघून द्या. हुल्डाबाई साठीच्या, थोराड, लाल गालांच्या. आल्या आल्या म्हणाल्या, "पोरी, तू आता नुसती बस."

६ मार्च
लंगोट उकळून दोरीवर, फरशी लखलखीत. व्हर्न म्हणतो, लष्करातही इतकी शिस्त नव्हती. डेल माझ्या हातचं नुसतं थुंकून टाकतो, त्यांच्या हातचं वाटीभर खातो. मला जरा हेवाच वाटला.

११ मार्च
कारण कळलं. स्वयंपाकघरात गेले तर हुल्डाबाई सॉसेज चावत होत्या. मग वाकल्या आणि तो लगदा तोंडातूनच डेलच्या तोंडात सोडला. मध्ये लाळेची तार लोंबत होती. मी डेलला ओढून घेतलं. त्या शांतपणे म्हणाल्या, "आमच्यात सगळी अशीच वाढली. तुझ्या त्या डब्यातल्या खाण्यात काय जीव असतो?" पुन्हा असं करायचं नाही, मी बजावलं. त्यांनी मान हलवली. दुपारी मी भरवलेलं सगळं डेलनं ओकून टाकलं.

१५ मार्च
आता ज्युडिथही. टेबलाशी डोळे मिटून, तोंड वासून बसली होती. हनुवटीवरून करडा लगदा ओघळत होता, त्यात एक पांढरा केस. व्हर्नला सांगितलं. तो म्हणाला, "पोरं बाळसं धरतायत. तू दमलीयस, पडून राहा." बोलताना त्याच्या तोंडाला त्या लगद्याचाच आंबूस वास —

१९ मार्च
बाईंना जायला सांगितलं. कोट हातात दिला. मुलं रडली नाहीत. नुसती तोंडं उघडून माझ्याकडे वळली. व्हर्नही.
हुल्डाबाईंनी कोट परत खुंटीला अडकवला.

२२ मार्च
तीन दिवस उपाशी. शिजवते ते तोंडात फिरतं, गिळवत नाही. पाद्रींच्या बायकोला फोन केला. म्हणाली, आमच्याकडेही त्याच होत्या. शब्द बोबडे, तोंडाचं बोळकं झाल्यासारखे — तिला दात नाहीत. पस्तिशीची बाई.

२४ मार्च
ज्युडिथच्या उशीवर चार दात. रक्त नाही. माझे पुढचे दोन हलतायत —

२५ मार्च
सकाळ. त्या पलंगाशी आल्यात. काहीतरी चावतायत, सावकाश. मी ओठ घट्ट मिटलेत. वासानं शिसारी येते, आणि भूक इतकी की — गाल फुगलेत त्यांचे. वाकतायत. माझं तोंड आपोआप