बत्तीसातला एक बार

३ मार्च
आमच्या जॅझ ऑर्केस्ट्राला पंचवीस वर्षं झाली. इतिहास लिहायचं काम कमिटीने आज एकमताने माझ्याकडे दिलं. तेव्हा सगळे मोबाईल बघत होते, पण एकमत ते एकमत. पहिल्या दिवसापासूनचा आता मी एकटाच. चौथा ट्रॉम्बोन. 'ना नफा, ना तोटा तत्त्वावर चालणारी संस्था' असं दणदणीत पहिलं वाक्य सुचलंय. संकल्प: रोज पाच पानं.

४ मार्च, सकाळी ७
प्रकरण पहिले: माझा जन्म. ही म्हणाली, ऑर्केस्ट्राचा इतिहास ना? पार्श्वभूमी लागते, हे तिला कोण सांगणार.

९ मार्च
पाठ धरली आहे. उद्यापासून झपाटून.

१२ मार्च
पहिल्या कार्यक्रमापाशी येऊन अडलो. लिहिलं, 'काही तांत्रिक अडचणींमुळे'. खोडलं. 'ड्रमरच्या अनवधानाने' लिहिलं. तेही खोडलं. चहा घेतला.

१३ मार्च
ही वही कुणी वाचत नाही, म्हणून लिहितो. शेवटच्या गाण्यात आमच्या ड्रमरचा, म्हणजे गल्लीतल्या पोस्टमनचा, ड्रम सोलो होता. बत्तीस बार. बार म्हणजे चार मात्रा; ते मोजत सगळ्यांनी गप्प बसायचं आणि मग एकदम उठून वाजवायचं. मी बोटांच्या पेरांवर मोजत होतो. मध्येच सासूबाई हॉलमध्ये शिरल्या आणि मी मोजत्या हाताने त्यांना हात केला. एकतिसाव्यालाच उठलो आणि जोरात फुंकलं. पंधरा जण घाबरून माझ्यामागे आले. एकटे पोस्टमन बरोबर होते, म्हणून तेच चुकले. बँडमास्तर सगळ्यांसमोर त्यांना म्हणाले, पत्रं वाटा, तेच बरं. मी ट्रॉम्बोन पुसत होतो. पोस्टमन पुन्हा तालमीला आले नाहीत.
सासूबाईंचीही थोडी जबाबदारी आहेच.

१५ मार्च
कमिटीचे अध्यक्ष आमचे दंतवैद्य. म्हणाले, जुन्या लोकांना घरी जाऊन आमंत्रण द्या. इतिहासकारच शोभेल. संकल्प: पोस्टमनना स्पष्ट सांगायचं. सांगण्यात काय आहे? दोन मिनिटांचं काम.

१८ मार्च
गेलो होतो. खालच्या मजल्यावरची खोली, खिडकीला पडदा नाही. मोठा ड्रम आडवा करून त्यावर टीव्ही ठेवलाय. पोस्टमननी विचारलं, आपण कोण? चौथा ट्रॉम्बोन म्हटल्यावर म्हणाले, चार होते का?
मग आपणहूनच बोलायला लागले. म्हणाले, तो एक बार कुठे जास्त झाला ते अजून सापडत नाही. टपाल वाटताना जिने चढायचो तेव्हाही मोजायचो, दर वेळी बत्तीसच भरतात. त्यांची बायको म्हणाली, तेव्हापासून साधं टेबलही वाजवलं नाही हो यांनी.
आता सांगायचं, एवढ्यात बिस्किटं आली. तोंडात बिस्किट असताना अशा गोष्टी बोलता येत नाहीत. निघताना म्हणालो, होतं असं कधीकधी, मनाला लावून घेऊ नका.
हे मी म्हणालो. मी. त्यांनी माझे आभार मानले. स्वतःची इतकी लाज कधी वाटली नव्हती.

२० मार्च
नवा संकल्प: कार्यक्रमात स्टेजवरूनच सांगायचं. मोठ्या मनाने. आरशासमोर भाषण करून पाहिलं. 'तो अपराधी मीच' इथे आवाज आपोआप कापतो, छान वाटतं. पुढे पोस्टमन स्टेजवर येऊन मिठी मारतील, त्यासाठी जागा सोडली आहे.

२६ मार्च
इतिहास अडीच पानं झाला. त्यातली दोन माझ्या जन्माची. दंतवैद्यांनी अर्धंच ठेवलं. भाषणालाही वेळ नाही म्हणाले.

२८ मार्च, सकाळी
काल कार्यक्रम झाला. पोस्टमन बायकोबरोबर तिसऱ्या रांगेत होते. मध्यंतरात त्यांना पाण्याच्या पिंपापाशी गाठलं. भाषण आठवेना. म्हणालो, त्या दिवशी मी एक बार आधी उठलो. ते बोटांवर मोजायला लागले, अगदी पहिल्यापासून. मी थांबलो. बत्तीस झाल्यावर बायकोला हाक मारून म्हणाले, अगं, मी बरोबर होतो. तिने त्यांचा हात धरला. मी तिथेच होतो. दोघांपैकी कुणी माझ्याकडे पाहिलं नाही.
दुसऱ्या भागात शेवटचं गाणं तेच. नव्या ड्रमरचे बत्तीस बार सुरू झाले. मी तिसऱ्या रांगेत पाहिलं, तर दोन खुर्च्या रिकाम्या. त्या नादात मोजणं सुटलं. सगळे उठले, गाणं संपलं, टाळ्या झाल्या. मी बसूनच होतो. दंतवैद्य म्हणाले, आज ट्रॉम्बोन मस्त वाजले.
चौथा वाजला नाही, हे कुणाला कळलंही नाही. त्या दिवशीही एवढंच करायला हवं होतं.