पाच तारखेचा पाहुणा

भिवंडी,
१३ फेब्रुवारी २०२४

प्रिय उन्नती, माझी बाय,

घरात फोन असताना बाबांना पत्र लिहायची हुक्की कुठून आली, असं तू आमच्या जावयाला, कुणालला विचारशील. तर एक म्हणजे फोनवर तू मला बोलू देत नाहीस. गोळ्या घेतल्या का, जेवलात का, दार नीट लावता का, यातच तुझी दहा मिनिटं संपतात. आणि दुसरं म्हणजे, जे सांगायचंय ते तोंडाने सांगायची माझी हिंमत नाही. गोळ्या घेतो, जेवतो, दार लावतो. डावा कान आता अगदीच कामातून गेलाय, पण तीस वर्षं खडखडाटात लूम दुरुस्त करत जॉबरकी केलेल्या माणसाला कान राहतो कुठे! चाळीस लूम चालू असताना कुठला बिघडलाय ते मी दारातून आवाजावर सांगायचो, हे तू शाळेत सगळ्यांना फुशारकीने सांगायचीस. त्याच बाबांना स्वतःच्या घरातली बिघडलेली गोष्ट बारा वर्षं ऐकू आली नाही, ती कशी, ते आज लिहितो.

तुला पाहुणा आठवतो का? खारबावचं सामायिक घर सोडून आपण या फ्लॅटमध्ये आलो तेव्हा तू पाच वर्षांची होतीस. दर महिन्याच्या पाच तारखेला बँकेचा हप्ता जायचा आणि तुझ्या आईने त्या हप्त्यालाच नाव ठेवलं होतं, पाव्हना. "आज पाव्हना येनार हाय, मटन-बिटन काय न्हाय," असं ती म्हणायची आणि आम्ही दोघं हसायचो. तू मात्र ते खरं धरलंस. हा पाहुणा आपल्याच माळ्यावर राहतो आणि पाच तारखेला खाली उतरतो, असं तू ठरवून टाकलंस. त्या दिवशी तू माळ्याखालून जायची नाहीस, हळू बोलायचीस. एकदा तर तू स्टीलच्या छोट्या वाटीत भाकरीचा तुकडा आणि सुकटीची चटणी घालून ती त्याच्यासाठी माळ्यावर सरकवून ठेवलीस. मुंग्यांची रांग लागली तेव्हा आईला ती सापडली. तू मला विचारलंस, बाबा, तो जेवत का नाही? मी म्हणालो, तो आधीच जेवून जातो. किती खरं बोललो होतो, ते मला तेव्हा कळलं नाही.

कर्ज होतं सहा लाखांचं, पंधरा वर्षांसाठी, साडेसात टक्क्यांनी. हप्ता पाच हजार पाचशे बासष्ट. पहिला एप्रिल २००४ला, शेवटचा ५ मार्च २०१९ला. ही शेवटची तारीख तुझ्या आईला देवाच्या नावासारखी पाठ होती, कारण त्या दिवशी ती गोडाऊनमधलं पॅकिंगचं काम सोडणार होती. बँकेत सह्या करताना साहेब म्हणाले, फ्लोटिंग घ्या. बाहेर आल्यावर आईने विचारलं, म्हणजे काय? मी खाडीकाठचा माणूस, मला वाटलं हे तर आपल्याच घरातलं. तिला सांगितलं, फ्लोटिंग म्हणजे होडी. पाणी चढलं की दर वर, उतरलं की खाली. त्यावर ती रिक्षाची वाट बघता बघता म्हणाली, "होरी वर-खाली व्हते ती ठीक हाय, पन किनारा तं लांब न्हाय ना जात?" मी तिला हसलो. सातवी शिकलेली बाई बँकेचं काय बोलते, असं मनात म्हणालो. उन्नती, सगळ्या भिवंडीत तेव्हा तेवढा एकच शहाणा प्रश्न विचारला गेला असेल, आणि मी तो हसण्यावारी नेला.

तीन वर्षांनी बँकेचं पत्र आलं, इंग्रजीत. मी दहावी पास, वाचतोच की! दर अकरा टक्के झालाय असं त्यात होतं. पण पुढच्याच ओळीत लिहिलं होतं की तुमच्या हप्त्यात बदल नाही. मी एवढ्या जोरात सुटकेचा श्वास सोडला की तू अभ्यास सोडून बघायला आलीस. त्याखाली एका चौकोनात नुसता आकडा होता, २२२. काहीतरी फाइलचा नंबर असेल असं मला वाटलं. आपल्या माणसांना नंबरांचं किती वेड, तुला माहीत आहे. गाडीला चांगला नंबर मिळावा म्हणून गावात लोक काय काय करतात! मी आईला पत्र दाखवून म्हणालो, बघ, हप्ता तोच आणि नंबर पण कसला भारी आलाय. हप्ता वाढला नाही या आनंदात मी त्याच महिन्यात मोटरसायकल घेतली, तिचा बाराशेचा हप्ता बांधून घेतला, आणि जास्तीचे पैसे भरून नंबर मागून घेतला, शून्य दोन दोन दोन. त्याच गाडीच्या टाकीवर बसून तू शाळेत जायचीस आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला नंबर ओरडून सांगायचीस.

२०१९ला ती तारीख आली. आदल्या दिवशी महाशिवरात्र होती. उपास सोडून, धुतलेली साडी नेसून, तुझी आई अर्धा किलो पेढे घेऊन माझ्यासोबत बँकेत आली. कर्जखात्याच्या टेबलावर सुकन्या नावाची तरुण मुलगी होती, तुझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठी असेल. आईने तिच्यापुढे पेढ्यांचा डबा उघडून धरला आणि सांगितलं, घे बाय, आमचं कर्ज फिटलं. सुकन्याने पेढा हातात घेतला, कॉम्प्युटरमध्ये बघितलं, आणि तो पेढा तसाच कागदावर ठेवला. तीन लाख दहा हजार बाकी होते. अजून साडेसहा वर्षं. मी आवाज चढवला, लोक वळून बघायला लागले. त्या पोरीने बिचारीने ते जुनं पत्र काढून माझ्यासमोर ठेवलं. दर वाढल्यावर हप्ता तोच ठेवला की वर्षं वाढतात, काका, ती म्हणाली. तो २२२ हा फाइलचा नंबर नव्हता. उरलेले महिने होते. तेव्हा १४४ उरायला हवे होते. आई एवढंच म्हणाली, "मंग पंदरा वर्सं आम्ही फेडलं काय?" दहा लाख भरले होते गं आम्ही, आणि त्यातला बहुतेक पैसा व्याजात गेला होता. कुणी फसवलं असं मी म्हणू शकत नाही. कागदावर सगळं होतं, मीच वाचलं नव्हतं. मी सुकन्याला विचारलं, तेव्हाच हप्ता वाढवला असता तर? तिने स्लिपच्या मागे हिशेब केला. महिन्याला एक हजार पंचेचाळीस रुपये जास्त भरले असते, तर त्या दिवशी आमचे पेढे खरे ठरले असते. खाली पार्किंगमध्ये माझी बाराशेवाली गाडी उभी होती.

मी बँकेच्या पायऱ्यांवरच बसलो. आईने मात्र डबा पुन्हा उघडला आणि पहिला पेढा बँकेच्या वॉचमनला दिला. "पेढे परत न्हाय न्यायचं," म्हणाली. मग बिल्डिंगमध्ये घरोघरी वाटले. तू कॉलेजातून आलीस, दोन पेढे एकदम तोंडात कोंबलेस आणि माळ्याकडे बघून म्हणालीस, गेला एकदाचा! आईने माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली, सांगू नका. पोरगी खूश आहे, तिचं शेवटचं वर्ष आहे, राहू दे. दुसऱ्या दिवशी आम्ही परत बँकेत जाऊन हप्ता सात हजार करून घेतला. म्हणजे अजून सत्तावन्न महिने. आणि तुझी आई नेहमीप्रमाणे मानकोलीच्या गोडाऊनला पॅकिंगच्या ड्युटीवर गेली.

आता जे लिहितो ते वाचून तू रडशील. रड, पण पुढे वाच. तुझ्या साखरपुड्याच्या खरेदीला आईने सुट्टी टाकली नाही. तू चिडून म्हणालीस, कर्ज फिटून दोन वर्षं झाली तरी काम सोडत नाहीस, तुला पैशाची हाव सुटलीय. ती डबा भरत होती. "हो बाय, सुटलीय. काय करशील?" एवढंच म्हणाली, डब्याचं झाकण लावलं आणि निघाली. मी तिथेच चहा पीत बसलो होतो. तोंड उघडलं असतं तर मला गाडीची गोष्ट सांगावी लागली असती, म्हणून मी चहा प्यालो. तिचे पाय संध्याकाळपर्यंत भाकरीसारखे सुजायचे, तू लग्न होऊन नाशिकला गेल्यावर तर जास्तच. तिच्या दहाव्याला तू जावेला म्हणालीस, आई कामातच गेली, आम्हाला कधी मिळालीच नाही. ते मी उजव्या कानाने ऐकलं. उन्नती, तुझ्या आईला हाव नव्हती. माझ्या न वाचलेल्या एका ओळीची ती ड्युटी करत होती.

दिवाळीनंतर छातीत दुखून ती तीन दिवस हॉस्पिटलात होती, तेव्हाची गोष्ट. दुसऱ्या दिवशी तू डॉक्टरांकडे गेलेलीस तेव्हा तिने माझा हात धरून सांगितलं, "आता सांगा पोरीला. तिनंबी घर घेतलंय." मी हो म्हणालो. तिसऱ्या दिवशी ती गेली. त्याला पंधरा महिने झाले आणि मी तुला सांगितलं नाही. लाज वाटली, दुसरं कारण नाही.

गेल्या डिसेंबरच्या पाच तारखेला शेवटचा हप्ता गेला. सहा लाखांचे चौदा लाख झाले. बँकेने घराचे मूळ कागद तपकिरी पाकिटात परत दिले. शेवटच्या पानावर माझ्या सहीखाली तिची सही आहे, पार्वती बाळाराम, त्यातला 'पा' नेहमीसारखा मोठा. पाकीट कपाटात ठेवलं आणि जानेवारीची पाच तारीख आली. वीस वर्षांत पहिली, जिच्यात कुणी यायचं नव्हतं. मी सवयीने अंघोळ करून, शर्ट घालून बसलो. घर पूर्ण माझं झालं होतं आणि मला त्या घरात भीती वाटत होती. भर दुपारी माळ्यावर काहीतरी सरकल्यासारखं वाटलं. म्हटलं, बाळाराम, पासष्टाव्या वर्षी पोरीचा पाहुणा तुला दिसायला लागला. शिडी लावून वर चढलो. कुणी नव्हतं. कोपऱ्यात तुझी ती स्टीलची वाटी होती, झाकण घातलेली, आणि तिच्यात चिंचोके होते. खाली आणून मोजले. तेरा. एवढेच का, ते कळायला मला वेळ लागला. तिने सत्तावन्न टाकले होते, उन्नती. दर पाच तारखेला एक काढून टाकायची. मला कधी बोलली नाही. ती गेल्यावर जे तेरा हप्ते मी एकट्याने भरले, तेवढे वाटीत राहिले होते. मी तिथेच लादीवर बसून रडलो.

आणि परवा रविवारी तुझा फोन आला. बोलता बोलता तू म्हणालीस, बाबा, बँकेचं पत्र आलंय, व्याजदर वाढलाय, पण टेन्शन नाही, हप्ता तेवढाच ठेवलाय. शब्दाला शब्द तेच. तू पुढे कुणालच्या नव्या गाडीबद्दल बोलत होतीस आणि मी कपाट उघडून ते जुनं पत्र शोधायला लागलो होतो. माझ्या घरातून निघालेला पाहुणा कुठे गेला, ते मला त्या क्षणी कळलं. म्हणून हे पत्र. सोबत माझ्या त्या जुन्या पत्राची झेरॉक्स आहे, २२२ला पेनाने गोल केलाय. तुझ्या पत्रातही असा एक आकडा असेल, तो आजच शोध. आणि वाटी पाठवतोय, चिंचोक्यांसकट. गाडी राहू दे. सोमवारी कुणालला घेऊन बँकेत जा आणि तारीख मागे येईल एवढा हप्ता वाढवून घे. माझे दर महिन्याचे सात हजार आता मोकळे झालेत, ते पाच तारखेला तुझ्या खात्यात येतील. नको म्हणू नकोस. आईची राहिलेली ड्युटी आहे, ती मी करतो. बँकेत हप्ता किती, हे विचारू नकोस, ते आपण सगळेच विचारतो. साहेबांसमोर नीट बसायचं आणि आईने विचारलं होतं तेच विचारायचं, तिच्याच शब्दांत विचारलंस तरी चालेल: किनारा तं लांब न्हाय ना जात?

तुझाच,
पाहुण्याला ओळखायला वीस वर्षं लागलेला,
बाबा