पांढरी कावीळ कुठे वळवायची

४ जुलै, नांदेड
कॉलेजच्या ग्रंथालयातल्या शमीमने जेवणाच्या सुट्टीत मोबाईल पुढे केला. मुक्त ज्ञानकोशातले 'कावीळ' पान. त्यावर मीच लिहीत असते. तिच्या नवऱ्याला, रफिकभाईंना, हिपॅटायटिस बी निघाला. आपल्याकडे म्हणतात ती पांढरी कावीळ. पानावर ओळ : 'रुग्णाच्या उष्ट्या भांड्यांतून पसरते.'
"जेठानीनं ह्येच वाचून यांचं ताट अलग केलं, मॅडम. पोरगी बी बापाजवळ बसत न्हाई. ईदचे कपडे मात्र सगळ्यांना यांच्याच हातचे पाहिजेत!" रफिकभाई शिंपी; जेठानी म्हणजे त्यांची मोठी भावजय.

५ जुलै
ओळ माझीच. पण ती दूषित पाण्या-अन्नातून होणाऱ्या काविळीबद्दल होती. मधे कुणीतरी मथळे एकत्र केले, आणि 'पांढरी कावीळ' शोधले की हेच पान उघडेल असे पुनर्निर्देशनही केले. हिपॅटायटिस बी रक्तातून पसरतो. बोलण्यात दोन्हींना एकच शब्द, म्हणून दुवाही एकच.
ओळ काढली. दुपारी एका संपादकाने परत आणली. शेरा : 'छापील संदर्भ आहे. काढू नये.' संदर्भ कुठला, तर लातूरच्या एका क्लासची मेडिकल प्रवेशाच्या 'नीट' परीक्षेची पुस्तिका. क्लास गिरीशचा.

७ जुलै, लातूर
भूकंपानंतर कॉलेज पत्र्याच्या शेडमध्ये भरायचे, तेव्हा गिरीश माझा वर्गमित्र. आता त्याच्या क्लासच्या जिन्यात उभे राहायला जागा नाही. पुस्तिका चाळली. तीच ओळ, आणि पुढे 'सबब स्वच्छता पाळणे इष्ट.' 'सबब' माझ्याशिवाय हल्ली कोण लिहिते?
"कुठून घेतलंस हे?"
"तुमच्या कोशातूनच की. तू लिवतीस म्हणून तं डोळे झाकून घेतलं."
"दुरुस्त कर मग."
"करतो ना. पान पक्कं झालं की कळव, तसंच छापतो."
म्हणजे माझेच पान छापून माझ्यापुढे पुरावा. तो मात्र चहा मागवून मोकळा.

९ जुलै, नांदेड
हे सगळे पानाच्या इतिहासासकट चर्चापानावर मांडले. उत्तर नाही.
आता चांगला संदर्भ. वर्तमानपत्रातले सदर नको, दवाखान्याची जाहिरात नको, एकच शोधनिबंधही नको. उपचारांच्या मार्गदर्शक सूचना चालतील, पण सगळ्या इंग्रजीत. शमीमच्या जेठानीने त्या कशा पडताळायच्या?
आणि मी तटस्थ आहे का? चर्चापानावर लिहून टाकले : 'असा आजार असलेले एक घर माझ्या ओळखीचे आहे.' नाव अर्थात नाही.

१२ जुलै
पुनर्निर्देशन तोडले. 'पांढरी कावीळ' आता हिपॅटायटिस बीच्या स्वतंत्र पानावर जाते. सोबत जेवल्याने, भांड्यांतून, मिठीने पसरत नाही. रेझर, सुया वेगळ्या हव्यात. घरच्यांनी तपासणी करावी, लस घ्यावी. प्रत्येक ओळीला तळटीप.
रेझरची ओळ गाळायचा मोह झाला. जेठानी नेमके तेवढेच धरतील. ठेवली. शमीमचा विचार करून लिहायला लागले, तर जाहिरातवाल्यांत आणि माझ्यात फरक काय?

१४ जुलै
शमीमकडे गेले. जेठानींनी पान शांतपणे वाचले.
"परवा येगळं हुतं, आज येगळं. उद्या कोन काय लिहील? थांबू की दोन-चार म्हैने. ताट काय पळून चाल्लंय?"
दुसऱ्यांच्या ओळींवर मी रोज हीच शंका घेते. तो संपादकही अजून गप्प आहे. उद्या उलटवलेही जाईल.
शमीमची मुलगी दाराशी उभी होती. मोबाईल घेऊन तिने तळटीप उघडली. "हे इंग्रजीतलं काय आहे?"
मराठीत सांगितले.
"म्हणजे अब्बूंबरोबर जेवलं तर चालतं. हे त्या इंग्रजीवाल्या डॉक्टरांनी लिहिलंय का तुम्ही?"
"त्यांनी."
तिने ती इंग्रजी ओळ बोटाखाली धरून परत वाचायला लावली. एकेका शब्दाचा अर्थ विचारत.