आहे की होती

२६ जानेवारी २०२५

घसा पार बसलाय, पण भाषण जमलं!

डोंगर वस्तीवर कोसळून दीड वर्ष झालं, माणसं अजून रस्त्याकडेच्या पत्र्याच्या शेडमध्येच. त्यांच्यापुढे झेंड्याखाली उभा राहून मी एस्टोनियाची गोष्ट काढली. वस्तीतल्या सुनीलने लगेच विचारलं, एस्टोनिया म्हणजे एसटीचा डेपो का भाऊ? हशा पिकला. मग मात्र सगळे ऐकू लागले.

अर्वो लेपिक. आरमारातला अधिकारी. बोट सोडून परमुलखात आपल्या देशाचा वकील म्हणून गेला, आणि मागे रशियाने देशच गिळला. नकाशावरून नाव गेलं. याने वकिलातीची पाटी उतरवली नाही. पगार बंद, तरी सणाला झेंडा चढवायचा. कुणी विचारलं, तुमचा देश कुठे होता हो? तर म्हणायचा, होता नाही. आहे.

मी टेबलावर मूठ आपटली. म्हटलं, तुम्हीही 'होती' म्हणू नका, आमची वस्ती आहे म्हणा! टाळ्या पडल्या. सुनीलची आई गोजराबाई अगदी पुढे बसलेली. तिने टाळी वाजवली नाही, नुसते ओठ हलवले.

११ फेब्रुवारी

आज पौडला तहसील कचेरीत वस्तीच्या पुनर्वसनाची सुनावणी होती. मी हिंजवडीत व्याख्यान देत होतो— विषय, 'शब्दांची ताकद'!

संध्याकाळी सुनील घरी आला. चपला न काढता दारातच उभा राहिला. प्लॉट ज्यांची वस्ती गेली त्यांनाच मिळणार. बोलायला सगळ्यांत वयस्क म्हणून गोजराबाईला पुढे केलेलं. साहेबांनी विचारलं, वस्ती कुठे होती. म्हातारी म्हणाली, "व्हती न्हाई. हाय." साहेबांनी फिरवून फिरवून विचारलं. माणूस वाईट नसावा. ती एकच धरून बसली, हाय. वरच्या अंगाची दोन घरं अजून उभी आहेत, हेही तिनेच सांगून टाकलं. शेवटी लिहिलं गेलं— वस्ती अस्तित्वात आहे, पुनर्वसनाची गरज नाही.

सुनील आवाज न चढवता म्हणाला, "डोंगरानं एकदा घर नेलं, भाऊ. दुसऱ्यांदा तुमी नेलं."

पाणीही न घेता गेला.

१२ फेब्रुवारी

मी खोटं काहीच बोललो नव्हतो. मग जेवण का जात नाही?

१५ फेब्रुवारी

पौडला जाऊन फेरसुनावणीचा अर्ज दिला. सगळी चूक माझी म्हणून साहेबांना सांगितलं. ते म्हणाले, तुमचं म्हणणं कशाला, बाईंनी तोंडाने सांगितलं पाहिजे.

घरी येऊन लेपिकवरचं पुस्तक पुन्हा पहिल्या पानापासून वाचायला घेतलं.

२ मार्च

फेरसुनावणी गुरुवारी. गोजराबाई जायला तयार नाही! सुनीलने हात टेकले, म्हणून आज मी गेलो. ती शेडबाहेर तांदूळ निवडत होती. मी समजावलं— एक शब्द तर बदलायचा, मावशी. प्लॉटपासून शाळा जवळ, सोनलचं शिक्षण होईल. सोनल ही तिची नात. बाप सावळ्या, गोजराबाईचा थोरला, त्या दिवशी दरडीखाली गेला. सापडला नाही.

ती सूप बाजूला ठेवून म्हणाली, "सावळ्या अजून तितंच हाय, मातीखाली. वस्ती व्हती म्हणलं, तर त्योबी व्हताच झाला की."

एवढी भाषणं केली आयुष्यात. सगळी उभ्याने. आज खाली बसलो आणि सांगितलं, "मावशी, लेपिकही शेवटी 'होता' म्हणाला. पोरीसाठी. तिला शाळेत घेत नव्हते, देश नसलेल्या बापाची म्हणून."

तिने सोनलकडे पाहिलं. सोनल पत्र्यावर खडूने काहीतरी गिरवत होती.

"पोरीसाठी म्हणला व्हय," ती म्हणाली.

६ मार्च

म्हणाली. इतकं हळू, की साहेबांना पुन्हा विचारावं लागलं, आणि तिला दुसऱ्यांदा म्हणावं लागलं. "व्हती."

प्लॉट मंजूर. सुनीलने चहा पाजला, एसटीच्या डेपोचे आभार माना म्हणाला. सगळे हसले. कुणीतरी माझ्या गळ्यात हार घातला. तो काढून हातात धरला, तर टाकायला जागा मिळेना.

जिना उतरताना गोजराबाईने माझा हात धरला. म्हणाली, "त्याच्या पोरीला कळलं का पुढं, बापानं तिच्यापायी काय सोडलं ते?"

म्हटलं, कळलं.

"मग बरं झालं," म्हणाली.

७ मार्च

लेपिक मरेपर्यंत 'आहे'च म्हणत होता. त्याला मुलगी नव्हती. लग्नच केलं नव्हतं त्याने.