परातीत ठेवलेला गुळाचा चेहरा

प्रिय वन्सं,

आज सकाळी परातीत पाणी ओतता ओतता माझा हात थांबला. कुणाला तरी सांगायलाच हवं होतं, आणि जिला सांगायचं ती तुम्हीच. म्हणून भाजी चिरायची सोडून लिहायला बसलेय.

तुम्ही स्वतःच्या चेहऱ्याचा साचा करून त्यात गूळ ओतला होता ना, तो गुळाचा चेहरा अजून आहे. नाक, हनुवटी, कपाळावरची लहानपणची खोकसुद्धा. परातीत पाणी, पाण्यात पालथं पातेलं आणि पातेल्यावर तुम्ही. मुंग्या लागू नयेत म्हणून गुळाच्या डब्याला करतो तसंच. तुम्ही दिवाळीच्या तोंडावर गेलात, आता उन्हाळा लागला. रोज मी पाणी बदलते आणि रोज खोटी ठरते.

दवाखान्यात माझा हात धरून तुम्ही काय म्हणाला होता? "वैनी, मी गेल्यावर त्याला काचेत बसवू नगंस. उघड्यावर ठेव, कॅमेरा लाव. मुंग्या येतील, खातील. सगळा संपूस्तवर व्हिडिओ चालू ऱ्हाऊ दे. तेच माझं काम हाय." मी "व्हय" म्हटलं. त्या वेळी नाही कसं म्हणणार!

तेरावा झाल्यावर मी तो अंगणात ठेवायला निघाले, तर आई आडव्या आल्या. "माझ्या लेकीच्या तोंडाला मुंग्या लागू देऊ व्हय गं? न्हाय जमायचं!" रोज सकाळी दारातल्या मुंग्यांना साखर घालणारी बाई ती! मी निमूट परात आणली. तुमच्या शब्दातलं एक अक्षर त्यांना बोलले नाही. सासूचं मन राखलं, असं स्वतःला समजावत राहिले. खोटं आहे ते, वन्सं. मलाच तुम्हाला जाऊ द्यायचं नव्हतं.

तुमचं काम मला कधी कळलं होतं म्हणा! तुम्ही म्हणायचात मांडणशिल्प, आम्ही म्हणायचो वन्संची मांडामांड. दिवसभर मंडईत डोळ्यांवर पट्टी बांधून रिकामं जातं ओढत बसला होता, तेव्हा मी भाजी घ्यायला दुसऱ्या बाजारात गेले. ओळखीच्या बायका भेटल्या तर काय सांगू?

आणि ते माझे हात! भाकरी थापताना तुम्ही शूटिंग केलंत आणि उद्यमनगरातल्या एका बंद कारखान्याच्या भिंतीवर हे एवढाले दाखवलेत. मी येत नाही म्हणाले, पोरांचा अभ्यास आहे. आले होते, वन्सं. गाड्यांच्या मागं उभी राहून बघितलं. शेजारची बाई म्हणाली, "कुणाचं हात गं हे? झ्याक दिसत्यात की!" माझे आहेत म्हणायला तोंड उघडेना. घरी येऊन तुमच्यासमोर भांडी घासत बसले आणि कसं झालं एवढंही विचारलं नाही. तुम्ही वाट बघत होता का हो?

पण तुमच्यावर रागही आहे. आई दवाखान्यातच बाहेरच्या बाकावर बसलेल्या असताना हे अवघड काम माझ्याच गळ्यात का बांधलंत?

आज मात्र परात तशीच सोडून त्यांच्याकडं गेले. त्या शेंगा फोडत होत्या. दवाखान्यातलं सगळं सांगून टाकलं. शेंगा फोडायच्या काही थांबल्या नाहीत.

"मला का न्हाय बोलली ती?"

"तुम्ही रडला असता म्हणून."

"व्हय. रडलोच असतो."

शेंगा संपल्यावर टरफलं सुपात भरली आणि माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "माझ्यानं न्हाय बगवायचं. पर तिला एकटं सोडायचं न्हाय. घरचं कुणीतरी जवळ बसलं पायजे."

वन्सं, उद्या परात काढते. तुम्ही शिकवलं होतं तसा कॅमेरा स्टँडवर लावते आणि शेजारी पाट टाकून बसते. किती दिवस लागतील ते लागू देत, घरातली कामं पडली तर पडली. मुंग्या आधी ओठांना लागतील, मग डोळ्यांना. माझा हात फार शिवशिवेल. पण एकही मुंगी झटकणार नाही.

तुमचीच,
शैलावहिनी