कॅमेऱ्यासमोर भरलेली ओटी

मी, मंगल त्रिंबक बोडखे, वय सत्तेचाळीस, राहणार कडा, तालुका आष्टी, जिल्हा बीड, धंदा सिनेमात छोटी कामं, हे मृत्युपत्र कुणाच्या दडपणाशिवाय लिहीत आहे. माझं मन शाबूत आहे, पण गोंधळलेलं आहे. वकीलसाहेब म्हणाले, दोन्ही एकाच वेळी चालतं. सोमवारी माझं ऑपरेशन आहे. पती हयात नाहीत, मूलबाळ नाही.

१. पतीकडून आलेली जमीन पुतण्या अंगद याला. त्यानेच ती कसली आहे.

२. माझ्या साड्या अंगदची बायको सुरेखा हिला. छोट्या सिनेमात कपडे आपलेच न्यायचे असतात. कुणाची आई, कुणाची शेजारीण, मी याच साड्यांत झाले. सिनेमांबरोबर पडद्यावरून त्या परदेशी जाऊन आल्या, मी नाही गेले.

३. राहतं घर सायली हिला. इथे मला खुलासा केला पाहिजे.

सायली पुण्याची नटी. एका सिनेमात ती माझी लेक होती आणि शूटिंग याच घरात झालं. तिला सासरी धाडायचा प्रसंग होता. मला कुंकू लावलं, हिरवा चुडा भरला. शॉट झाला. सायलीला नेणारी गाडी निघणार, तेवढ्यात शेजारच्या बायनाबाई खरे तांदूळ आणि नारळ घेऊन आल्या.

"पोरीला रिकाम्या वटीनं कावून धाडायचं?"

मी म्हटलं, "बाई, हे खोटं हाय. आन् मी विधवा."

"आज कपाळाला कुंकू हाय ना? मग भर की."

मी भरली. कॅमेरा चालूच होता म्हणे. तो प्रसंग दिग्दर्शकांनी पुढे कापला, म्हणून त्यांना मी काहीही ठेवत नाही.

तेव्हापासून सायली दर नागपंचमीला माहेराला येते. मला आई म्हणते. पहिल्यांदा म्हणाली, तेव्हा मी कॅमेरा कुठे आहे ते पाहिलं. जाताना तिची ओटी बायनाबाई भरतात, मी दारात उभी राहते. त्या दिवशी ओटी मी भरली की त्या सिनेमातल्या बाईनं, हे मला अजून कळलेलं नाही.

अंगद म्हणतो, "काकू, शूटिंग कवाच संपलं. ती नटी हाय."

नटी तर मीही आहे. त्याचं चुकतं असंही मला म्हणता येत नाही.

सायलीला मी विचारलेलं नाही. ती घर नको म्हणाली तर ते अंगदला जावं, पण पंचमीला दार तिच्यासाठी उघडं असावं.

४. या मंगळवारी पंचमी आहे. ती येईल, मी दवाखान्यात असेन. तिला दवाखान्यात आणावं. तांदूळ आणि नारळ पिशवीत भरून ठेवले आहेत. या वेळी ओटी मी भरणार आहे, बिनकुंकवाच्या कपाळानं. मी नसले तर सुरेखानं भरावी. रिकामी पाठवू नये.

वाचून, समजून सही केली.
मंगल त्रिंबक बोडखे

साक्षीदार:
१. बायनाबाई सानप (डाव्या हाताचा अंगठा)
२. शहादेव गर्जे (सही)

कडा, २४ जुलै २०२५