हनुवटीवरचा तीळ

३ जानेवारी, उदगीर
आज शकिलाआपांकडे कामाला लागले. मागच्या अंगणात विजेची भट्टी, ओट्यावर साचे. रंगकाम कुठं शिकलीस, असं त्यांनी विचारलं. आईकडे, म्हणाले; देवणीला आमच्या घरी महालक्ष्म्यांचे मुखवटे रंगवतात. मग आधी पोटभर जेव, त्या म्हणाल्या, तुझ्यापेक्षा माझा ब्रश जाड आहे. फळीवर चिनीमातीच्या नऊ बाहुल्या. गालांच्या आत दिवा असावा तसा उजेड. बघत राहिले.

९ जानेवारी
या बाहुल्या गेलेल्या लेकरांच्या आहेत. आईबाप फोटो आणून देतात. आपा हुबेहूब चेहरा करतात, पण एक खूण मुद्दाम सोडतात. कुणाचा व्रण, कुणाची खळी. का, विचारलं.
"तेवढी जागा उघडी ठेवायची, तनुजा. लेकरू तिथून निघून जातं."
मुखवट्याची एक पापणी चुकली तरी आई मला पुसून परत काढायला लावायची. मला हे पटेना.

१७ जानेवारी
आपांना विचारून पुनमची बाहुली केली. माझी धाकटी बहीण. मागच्या आषाढात तापानं गेली, सात वर्षांची. ती मला बोलवत होती. मी लातूरला परीक्षेला बसले होते. हनुवटीवरचा तीळ रंगवू नको, असं आपांनी दोनदा बजावलं. पण तिळाविना ती परक्याची वाटते.

१८ जानेवारी
आपा लेकीकडे किनवटला गेल्या. मी तीळ रंगवला. एवढासा ठिपका. भट्टी लावली.

१९ जानेवारी
भट्टीतून आवाज. आधी वाटलं, वीट तडकली.
"ताई, पोळायलंय."
बटण बंद केलं. तापलेली भट्टी उघडली तर ती तडकेल, म्हणून थांबले — दिवसभर थांबले —

२० जानेवारी
हाताला गार लागते. तरी रडते. तीळ भाजून पक्का झालाय, खरवडून निघत नाही. आपांना फोन केला. सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, फोड तिला, बेटा. न्हाईतर लेकरू तसंच पोळत राहील.

२१
हातोडी घेतली. ठेवली. आलीस का, विचारते. हो म्हणाले. आता जाऊ नको म्हणते —

२२
अजून पोळतंय तिला. मांडीवर घेतलंय. हातोडी एकदाच, डोळे मिटून — तिनं दोन्ही हातांनी तोंड झाकलंय — पुनम, हात काढ बाळा, ताईच आहे, ताई —